कोरसमधली खालची ओळ

माझे वडील बुधवार पेठेत एका छापखान्यात अक्षरांचे खिळे जुळवायचे. माझ्या जन्माआधी, बोलपट नवे नवे होते तेव्हा, ते एका बोलपटात गायले होते. एकटे नव्हे, चौघांत. नायकाच्या मागचा कोरस. लष्करातल्या एका बँडमास्तरने चौघांना सुरांच्या चार वेगळ्या ओळी शिकवल्या होत्या, आणि म्हणायच्या मात्र एकाच वेळी. वडिलांच्या वाट्याला सगळ्यात खालची आली.

घरी दाढी करताना ते तेवढीच म्हणायचे. एकाच जागी घुटमळणारी, वर म्हणून चढायची नाही. शेजारचे काका खिडकीतून विचारायचे, "अहो, गाताय की कपाट सरकवताय?"

मी म्हणायचो, "अण्णा, नीट चाल म्हणा ना."

"चाल दुसऱ्याकडे आहे. माझ्याकडे हे आहे."

तो बोलपट परत कुठे लागलाच नाही. आळीतली पोरं मला चिडवायची. चौदा वर्षांचा असेन, एकदा जेवताना सगळ्यांसमोर मी म्हणालो, "तुम्ही कुठल्या बोलपटात गायलाच नाहीत. थापा मारता." आई ओरडली. वडील ताटातला भात संपवून उठले. त्यानंतर आमच्या घरात दाढी मुकाट्यानेच व्हायची. मी माफी मागितली नाही. मागणाऱ्यांतला नव्हतोच. ते गेले तेव्हाही नाही.

मागच्या महिन्यात पेपरात वाचलं, तोच बोलपट कुठेसा सापडलाय, एका सभागृहात दाखवणार. विश्रांतवाडीहून दोन बस बदलून गेलो.

अर्ध्या तासाने गाणं आलं. नायक तोंड वेंगाडून गायला लागला, मागून कोरस उठला. कान लावून बसलो, पण वडिलांचा आवाज निवडता येईना. चौघं पार एकजीव झालेले. मग मीच ती खालची ओळ म्हणायला लागलो, हळू. सत्तर वर्षांत ऐकलीही नव्हती. बसली. प्रत्येक वळणाला बसली. वडील जिथे एकच सूर धरून ठेवायचे आणि आम्ही हसायचो, नेमका तिथेच नायक वर चढत होता.

मागून एक बाई म्हणाल्या, "आजोबा, आपण घरी जाऊन गा ना."

"घरी बाकीचे तिघं नाहीत," मी म्हणालो. दोघंचौघं हसले. खरं तर घरी कोणीच नाही. बायको गेली, बहीण गेली. ती ओळ ओळखणारं माणूसच आता उरलं नाही.

बाहेर टेबलावर अभिप्रायाची वही होती. तिथली मुलगी म्हणाली, "लिहा ना आजोबा, दोन शब्द." चौथीपर्यंतच शाळा, त्यामुळे वेळ लागला, मागे रांग खोळंबली. लिहिलं: 'कोरसमधला खालचा आवाज माझ्या वडिलांचा आहे. ते खरं बोलत होते. मी चुकलो.'

तिने वही फिरवून वाचली, "सो स्वीट," म्हणाली आणि पेन पुढच्याला दिलं.