चौघींचं एक कार्ड

इमारत रिकामी आहे, हे ठरवण्याचा अधिकार तुम्ही कोणाला दिला आहे?

आमच्या गावच्या नव्या सरकारी इमारतीत माझी आई ठेकेदारामार्फत झाडूपोछा करते. तिला दमा आहे. सोबत आणखी तिघी आहेत. ठेकेदाराने चौघींत मिळून एकच कार्ड दिलं. त्यावर नाव नाही, फोटो नाही, फक्त ‘सफाई’. जुन्या कचेरीत चौघींची मिळून एकच खूण हजेरीवहीत होत असे. तीच रीत इथे आली. सकाळी पहिली येईल तिने कार्ड लावायचं, संध्याकाळी जिची एसटी आधी तिने लावून खिळ्याला टांगायचं.

त्यात काही बिघडत नव्हतं, कारण फाटकाची नोंद फाटकापाशी राही आणि दिव्यांची बटणं भिंतीवर. मग या उन्हाळ्यात फाटक, दिवे, पंखे, दारांची कुलपं, सगळ्यांची माहिती एका संगणकावर जोडली. आत माणूस नाही असं दिसलं की वीज बंद, दारं बंद. उद्घाटनाला पेढे वाटले. पेढ्यांचे कागद या चौघींनीच झाडले.

एका संध्याकाळी चौघींतली धनज गावची बाई एसटी गाठायला कार्ड लावून निघाली. बाकीच्या दोघी तिच्यासोबतच बाहेर पडल्या. आई तळघरातल्या रेकॉर्ड रूममध्ये फिनाईलने फरशी पुसत होती. दिवे गेले, पंखा थांबला, दार लागलं.

ती घरी आली नाही, फोन लागेना, म्हणून मी फाटकावर गेले. चौकीदाराने संगणकाच्या पडद्याकडे बोट केलं.

“ताई, इथं तं शून्य दिसून राह्यलं. अंदर कोणीच नाही.”

“मंग माही माय कुठी गेली, शून्यात?”

तेवढ्यात खालून बादली आपटल्याचा आवाज आला. किल्ली त्याच्याकडे नव्हती. ही यंत्रणा बसवणारा इंजिनिअर अकोल्याहून यायचा होता. भिंतीवर आगीच्या गजराचं लाल बटण होतं. आग लागली की सगळी दारं उघडतात, एवढं मला ठाऊक होतं.

“नोका दाबू, नोकरी जाईन माही!”

मी दाबलं. आई जिन्यावर बसत बसत वर आली. तिचा श्वास शिट्टीसारखा वाजत होता.

दुसऱ्या दिवशी इंजिनिअर म्हणाला, “सिस्टीम बरोबरच आहे. मावशी, तुम्ही कार्ड न लावता आत कशा होत्या?”

“साहेब, झाडू माराले कार्ड नाही लागत, हात लागते.”

तो हसला. एका अर्थी त्याचं खरंही होतं: संगणकाने दिलेलंच मोजलं. पण चार जिवंत बायांना एक मोजून ती माहिती संगणकाच्या तोंडात घातली कोणी? ठेकेदाराने! आणि कचेरीची नोटीस कोणाला? आईला! ‘विनापरवाना आत थांबल्याबद्दल’ सोमवारपर्यंत माफीनामा लिहून द्यायचा, नाहीतर काम बंद. गुदमरली ती, आणि माफीही तिनेच मागायची!

आई माफी लिहायला तयार झाली होती. “लिहून देतो न बाई, काहून वाढवतं?” मी कागद हिसकावला. त्यावर माफीऐवजी अर्ज लिहिला: नोटीस मागे घ्या, चौघींना चार नावांची चार कार्डं द्या, आणि प्रत्येक दार आतून हाताने उघडलं पाहिजे. खाली चौघींच्या सह्या आहेत. धनजच्या बाईने पहिली केली.

दाखल्यासाठी तुम्हीही त्या इमारतीत जाता, तिथल्या पुसलेल्या फरशीवरून चालता. बसस्थानकासमोरच्या झेरॉक्सच्या दुकानात अर्ज ठेवला आहे. सोमवारी कचेरी उघडायच्या आत जा आणि त्यावर सही करा.