गोटमारीच्या दिवशी ॲपल पाय

पोळ्याच्या संध्याकाळी नवऱ्याने पलंगाखालून जुने कॅनव्हासचे बूट काढले. ओट्यावर बसून तो त्यांच्या नाड्या सोडवत होता. त्या बुटांचं दुसरं काही काम नव्हतं. ते तो वर्षातून एकदाच घालायचा, गोटमारीला. मी दारात उभी राहून थोडा वेळ पाहिलं आणि विचारलं,

"उद्या मले तुमचा तो ॲपल पाय करून देता का?"

त्याने मान वर केली नाही.

"तू मले घरी बांधून ठेवून राहिली का?"

"हो," मी म्हटलं.

खोटं बोलायचं ठरवलं असतं तरी जमलं नसतं. फ्रिजमध्ये सफरचंदं होती, बटर होतं, दालचिनी मी सकाळीच आणून ठेवली होती. त्याने ते सगळं पाहिलं असणारच. त्याने दुसऱ्या बुटाची नाडी ओढून काढली.

"खोबरं आहे का घरात?" त्याने विचारलं.

पांढुर्ण्यात पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी गोटमार असते. जाम नदीच्या पात्रात मधोमध पळसाचं झाड रोवतात, त्याला झेंडा बांधतात. अलीकडे पांढुर्णा, पलीकडे सावरगाव. दोन्हीकडची माणसं एकमेकांवर दगड मारत त्या झाडापर्यंत पोचायचं बघतात. पोलीस असतात, ॲम्ब्युलन्स उभ्या असतात, वरून ड्रोन फिरतो, आणि खाली दगड चालूच असतात. जी बाजू झाड तोडून नेते ती जिंकते, आणि मग झेंडा चंडीमातेच्या देवळात नेतात. मी सौसरची. आमच्याकडे हे नाही. लग्नाआधी मी गोटमार फक्त मोबाइलवर पाहिली होती.

तीन वर्षांपूर्वी याच दिवशी नवऱ्याचा डावा डोळा गेला. नागपूरच्या डॉक्टरांनी महिनाभर खटपट केली आणि मग सरळ सांगितलं की हा आता येत नाही, उजव्याला जपा. पुढची दोन वर्षं तो घरीच राहिला, पण ती त्याची इच्छा नव्हती. आधी डोळ्याला पट्टी होती, नंतर ताप होता. या वर्षी त्याला काही झालेलं नव्हतं.

तो बस स्टँडजवळच्या एका बेकरीत कारागीर आहे. टोस्ट, खारी, क्रीमरोल. त्याआधी पाच-सहा वर्षं तो हिमाचलात एका हॉटेलच्या भट्टीवर होता. ॲपल पाय तिथला. तिथे वर कणकेचं झाकण घालायचे. खोबऱ्याचा थर ही याची स्वतःची कल्पना. लग्न झालं त्या वर्षी त्याने तो एकदा मला करून खाऊ घातला होता. त्यानंतर मी कधी मागितला नाही आणि त्यानेही केला नाही. दिवसभर भट्टीसमोर उभं राहणाऱ्या माणसाला घरी परत तेच कर म्हणायचं माझ्या जिवावर यायचं.

सकाळी धाकटा दीर अंघोळ करून, कपाळाला गंध लावून निघाला. सासूबाईंनी त्याच्या हातात नारळ दिला.

"वहिनी, मी खालतं नाही उतरत," तो मला म्हणाला. "पुलावरूनच पाह्यतो."

मला ते खरं वाटलं नाही. त्यालाही वाटलं नसावं, कारण बोलताना तो माझ्याकडे नाही, भावाकडे बघत होता. नवरा मैदा चाळत होता. त्याने फक्त विचारलं, "बूट घातले का?"

"घातले."

"डोकं खाली ठेवजो."

दीर गेला. सासूबाई दाराशी पाटावर बसल्या, रस्त्याकडे तोंड करून. दर वर्षी त्या तिथेच बसतात.

मैद्यात थंड बटर घालून नवरा ते बोटांच्या टोकांनी चुरायला लागला. स्वयंपाकघरात तो वेगळाच माणूस होतो. कमी बोलतो, हात भराभर चालतात, आणि मला हुकूम सोडतो. बर्फाचं पाणी दे. पंखा बंद कर. एवढं नको. मी परातीत हात घालायला गेले तर म्हणाला, "मळायचं नाही त्याले. नुसतं गोळा करायचं. तुझे हात गरम आहेत."

पाणी ओतताना त्याने डाव्या हाताचं बोट परातीच्या काठावर टेकवलं आणि त्या बोटाला लावून भांडं वाकडं केलं. एक डोळा गेल्यापासून तो असंच ओततो. चहासुद्धा. भांडं नेमकं कुठे आहे ते त्याला दिसण्यापेक्षा हाताला कळतं.

"हे काय करून राहिला हा?" सासूबाईंनी तिथूनच विचारलं.

"पाय," मी म्हटलं.

"कोणाचा?"

नवरा हसला. सकाळपासून पहिल्यांदा. मलाही हसू आलं, आणि नेमका तेव्हाच नदीकडून ओरडा ऐकू आला. आमचं घर नदीपासून चार गल्ल्या आत आहे. तिथून दगड ऐकू येत नाहीत, माणसं ऐकू येतात. एकदम वर चढणारा आवाज आणि मग हळूहळू खाली बसणारा. नवऱ्याचे हात थांबले. आवाज बसेपर्यंत थांबलेच होते.

कणकेचा गोळा फ्रिजमध्ये ठेवावा लागतो. त्या वेळाची मला धास्ती होती. तोवर त्याच्या हातांना काम होतं, आता नव्हतं. मी घाईघाईने सफरचंदं पुढे केली. त्याने ती सोलली, पातळ फोडी केल्या, साखर, दालचिनी, लिंबू चोळून झाकून ठेवल्या. त्यालाही फार वेळ लागला नाही. मग तो हात धुऊन गच्चीवर गेला.

मी मागोमाग गेले. गच्चीवरून नदी दिसत नाही, पुढच्या घरांच्या टाक्या दिसतात. तो कठड्याला धरून उभा होता. शेजारच्या गच्चीवर कोणीतरी मोबाइलवर गोटमारीचं लाइव्ह लावलं होतं. आधी नदीवरून ओरडा यायचा आणि थोड्या वेळाने तोच मोबाइलमधून.

"तुम्हाले जायचंच आहे का?" मी विचारलं.

"जायचं आहे म्हणून नाही," तो म्हणाला. "ते सगळे तिथं आहेत न् मी इथं."

"तुम्हाले एकच डोळा आहे."

"माहीत आहे मले किती डोळे आहेत."

आवाज चढवला नव्हता त्याने. लग्नाला इतकी वर्षं झाली, मोहगावच्या शाळेत रोज चाळीस पोरांना गप्प करते, आणि तिथे गच्चीवर मला एक वाक्य सापडेना. त्याला हात धरून खाली न्यावं असंही वाटलं, पण शेजारी पाहत होते.

"गोळा काढायचा का फ्रिजमधून?" मी विचारलं.

त्याने घड्याळ पाहिलं नाही. माझ्याकडे पाहिलं आणि खाली आला.

पोळी लाटून त्याने ती केकच्या डब्यात बसवली, कडा बोटांनी दाबल्या, सफरचंदाच्या फोडी एकावर एक रचल्या. ओव्हन तापला होता. डबा आत गेला तेव्हा मला जरा सुटल्यासारखं वाटलं. पोळ्याच्या पूजेचा नारळ सासूबाईंनी आपण होऊन काढून दिला होता. मी तो खवायला बसले. नवरा वाटीत साखर, दूध आणि वितळलेलं बटर एकत्र करत होता. खोबरं आधी घातलं तर जळतं, सफरचंदं शिजली की मग घालायचं, असं तो मला सांगत होता, आणि त्याचा फोन वाजला.

त्याने ऐकलं. "कुठं लागलं?" एवढंच विचारलं. मग, "कोणत्या दवाखान्यात?"

सासूबाई पाटावरून उठल्या होत्या.

"भावाले लागलं," तो म्हणाला. "डोक्याले. शुद्धीवर आहे. नेऊन राहिले दवाखान्यात."

मी खोबऱ्याचे हात पदराला पुसले. "मी येते."

"आईजवळ कोण राहील? अन् ओव्हन चालू आहे." तो चप्पल शोधत होता. चप्पल दारातच होती, पण त्याला दिसत नव्हती. मग त्याने पलंगाजवळचे कॅनव्हासचे बूट ओढले आणि त्यात पाय घातले. "फोडीत सुरी शिरली की खोबरं पसरजो. रंग बदलला की काढजो. जास्त ठेवू नको."

तो गेला. बूट घालून गेला, हे माझ्या डोक्यातून जाईना. दवाखान्याकडे जायचे दोन रस्ते आहेत. एक बाजारातून आणि एक नदीकाठाने.

मी फोन लावला, उचलला नाही. सुरी घालून पाहिली. फोडी अजून कडक होत्या. पुन्हा फोन लावला. दिराचा फोन बंद होता. बाहेर ॲम्ब्युलन्स गेली, तिच्यामागे दुसरी. सासूबाई आत येऊन ओव्हनसमोर खाली बसल्या. काचेतून आतला पिवळा उजेड दिसत होता, त्याकडे पाहत त्या म्हणाल्या,

"त्या वर्षी म्याच त्याले कुंकू लावून धाडलं होतं. तो जातो म्हणत नव्हता."

हे मला माहीत नव्हतं. मी कधी विचारलं नव्हतं. त्या वर्षी त्या, दीर आणि मी असे तिघं नागपूरला दवाखान्याच्या व्हरांड्यात किती रात्री झोपलो, तेव्हाही त्या हे बोलल्या नव्हत्या. मला त्यांचा राग यायला पाहिजे होता. थोडा आलाही. पण मी उठून त्यांना पाणी दिलं.

"त्यानं फोन उचलला का?" त्यांनी विचारलं.

"नाही."

सुरी शिरली. मी ओव्हनचं दार उघडून खोबरं पसरलं. घाईत एका बाजूला जास्त पडलं, ते चमच्याने सारखं करताना मनगट दाराच्या तापलेल्या कडेला लागलं. भाजलं, पण तेव्हा जाणवलं नाही. नदीवरून परत ओरडा उठला, या वेळी लांबलचक, आणि तो खाली बसेचना. झाड तुटलं की असाच ओरडा होतो म्हणतात. मी दारात गेले, रस्त्यावर पाहिलं, आत आले, पुन्हा दारात गेले. तिसऱ्यांदा आत आले तेव्हा एका बाजूचं खोबरं काळं पडायला लागलं होतं. डबा बाहेर काढला, आणि फोन वाजला.

"दवाखान्यात आहे मी," नवरा म्हणाला. "टाके पडून राहिले त्याले. बोलतो आहे. जबड्याले सूज आहे. आईले सांग."

"तुम्ही ठीक आहा?"

"ठीक आहे."

"इतका वेळ फोन काहून नाही उचलला?"

मागे कोणीतरी कण्हत होतं. "येतो," म्हणून त्याने फोन ठेवला.

उन्हं उतरल्यावर दोघं रिक्षातून आले. दिराच्या डोक्याला पांढरी पट्टी होती, शर्टावर रक्त वाळलेलं. सासूबाईंनी त्याच्या तोंडावरून हात फिरवला आणि आत नेऊन निजवलं. नवरा मोरीवर पाय धूत होता. मी त्याच्या मागे उभी राहिले. विचारायचं नाही असं दुपारभर ठरवत होते.

"नदीवर गेले होते का?"

"गेलतो," तो म्हणाला.

मग त्याने सांगितलं. दवाखान्यात भावाला पाहिलं, डॉक्टर म्हणाले भीती नाही, टाक्यांना वेळ आहे, तेव्हा बाहेर येऊन तो सरळ काठावर गेला. त्याला राग आला होता. ओळखीची मंडळी होती, त्यांनी जागा करून दिली, एकाने हातात दगडही दिला. त्याने हात मागे नेला, आणि पलीकडे नीट पाहिलं.

"मले समजलंच नाही पलीकडचे किती लांब आहेत," तो म्हणाला. "आपलेच मधात उभे होते. कोणाले लागला असता तर? मारलाच नाही म्या. ठेवून देला खाली."

नळ त्याने बंद केला. शहाणपणा केला म्हणावं तर तो शहाणपणाने थांबला नव्हता, आणि त्याच्या चेहऱ्यावर सुटका नव्हती, शरम होती. मी टॉवेल पुढे केला. त्याने घेतला, आणि घेताना माझ्या मनगटावरचा डाग त्याला दिसला.

"हे काय?"

"ओव्हनचं दार."

त्याने मला ओढतच नळाखाली नेलं आणि पाणी सोडलं. किती तरी वेळ तो हात धरून उभा होता. दोन तास उलटून गेले, आता पाण्याने काय होणार, असं मी म्हटलं, तरी सोडला नाही.

ॲपल पाय आम्ही दिव्याच्या वेळेला कापला. एक बाजू काळी झाली होती. त्याने ती सुरीने उतरवली. बाकीचं खोबरं तांबूस आणि कुरकुरीत झालं होतं, खाली सफरचंद मऊ, थोडं आंबट. दिराला चावता येत नव्हतं. नवऱ्याने त्याच्या वाटीत नुसती आतली फोड काढली, चमच्याने चेचली आणि स्वतः भरवली. दीर एक डोळा मिटून खात होता आणि मधेच म्हणाला, "झाड कोणी नेलं, दादा?"

"माहीत नाही," नवरा म्हणाला. "तोंड उघड."

सासूबाईंनी आपला तुकडा संपवला आणि बशी पुढे केली. त्याने अजून दिला.

त्यानंतर एक पोळा येऊन गेला. दीर गेला नदीवर, टाक्यांची खूण घेऊन. नवरा गेला नाही. मी काही मागितलं नव्हतं, त्यानेही काही केलं नाही. बाजार बंद असूनही तो बेकरीत जाऊन बसला आणि दिवसभर भट्ट्या घासत राहिला. संध्याकाळी मी जेवणाचा डबा घेऊन गेले तेव्हा आतून कडी होती. मी हाक मारली. त्याने लगेच उघडलं नाही, पण उघडलं.