चार इंची भिंत आणि माझं फिजिक्स

आमची भिंत भूकंपानं पाडली नाही. ती मी पाडली.

भूकंपाला दोनेक वर्षं झाली होती आणि लातुरात गल्लोगल्ली क्लास निघून राहिले होते. मीही नांदेडची कॉलेजातली नोकरी सोडून घरच्या पुढच्या खोलीत फिजिक्सचा क्लास काढला. (ही बातमी मी बायकोला, सुनंदाला, ती भाकरी करताना सांगितली. भाकरी जळाली.) सोमवारी पालक जागा बघायला येणार होते. पोरं मिळाली तर ठीक, नाहीतर नांदेडला जाऊन पुन्हा कॉलेजच्या साहेबांपुढं हात जोडायचे!

भिंतीवर टांगायचा फळा जाड लाकडाचा, लई जड. आणि त्या दिवसांत लातुरात पाव्हणा चहा नंतर प्यायचा, आधी भिंतीला भेग आहे का ते बघायचा. म्हणून मी हार्डवेअरच्या दुकानात जाऊन मालकांना म्हणालो, "आप्पा, सगळ्यात दांडगे बोल्ट द्या!"

"सर, भिंत कशाची हाय?"

"भिंतीसारखी भिंत आहे!"

"तसं न्हाई. हे फास्टनर काँक्रीटचे. आत जाऊन फुगतेत. तुमची भिंत पातळ असंल तर..."

"आप्पा, मी फिजिक्स शिकवतो."

आप्पांनी चार बोल्ट बांधून दिले.

घरी सुनंदा म्हणाली, "अहो, ती भिंत चार इंची आहे. आरपार बोल्ट घाला आणि स्वयंपाकघराच्या बाजूनं लोखंडी पट्टी लावा."

सुनंदा इतिहासाची बी.ए.! मी नुसता हसलो आणि पाना घेऊन बोल्ट आवळायला लागलो. आतून 'कट्ट' असा आवाज आला. वा, बसला बोल्ट! मी आणखी दोन फेरे आवळले.

सोमवारी सहा पालक आले. शिरूर अनंतपाळहून आलेल्या एका मामांनी बसायच्या आधीच विचारलं, "सर, इथलं सगळं मजबूत हाय ना?"

बस्स! बल, भार, घर्षण... पाऊण तास मी थांबलो नाही. सहाही चेहरे कोरेच. शेवटी मी इरेला पेटलो. "असं बघा!" म्हणालो, दोन्ही हातांनी फळा धरला आणि पाय उचलून चक्क लोंबकळलो.

धडाड! मी खाली, माझ्यावर फळा आणि फळ्यावर निम्मी भिंत!

"भूकंप!" कोणीतरी ओरडलं. सहाही पालक एका उडीत रस्त्यावर. त्यांच्या मागं अख्खी गल्ली बाहेर! समोरच्या काकू तर शिट्टी न झालेला कुकर कडेवर घेऊन धावल्या.

धुरळा बसला तेव्हा बघितलं, एकही बोल्ट सुटला नव्हता. प्रत्येकानं आपापली वीट सोबत आणली होती. (आप्पांचा माल खोटा नव्हता हो!) भिंतीच्या भगदाडातून सुनंदा दिसत होती, हातात चिमटा घेऊन.

"लागलं का हो?"

"नाही."

"मग ऐका," ती रस्त्यावरही ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली. "बोल्ट आत फुगतो. काँक्रीट त्याला दाबून धरतं, म्हणून तो बसतो. पातळ विटेला ते जमत नाही, ती फुटते. तुम्ही जेवढं आवळलं तेवढी ती फुटली. आता उठा!"

लाजेनं मेल्याहून मेल्यासारखं झालं. गेला क्लास, आता नांदेडची गाडी कधी आहे ते बघायचं! तेवढ्यात मामांनी दारातून मुंडकं आत घातलं.

"सर, तुम्ही इतका वेळ बोलून राहिले, मला काडीचं कळलं न्हाई. ह्या ताईंचं एका दमात कळलं. पोरीचं नाव घालतो मी. पण ताई वर्गात बसणार असतील तरच!"

"हाव, आमचंबी तसंच," बाकीचे पाच म्हणाले.

मिस्त्रीनं नवी भिंत जाडजूड बांधली आणि क्लास चालला, धो धो चालला. आजही मी तासभर घसा फोडून एखादा नियम शिकवतो. मग मागच्या बाकावरून सुनंदा म्हणते, "म्हणजे बघा..." आणि तेव्हा कुठं पोरं पेनाची टोपणं काढतात!