पडद्याच्या उलट्या बाजूला

प्रेमानं वैर मिटतं असं सिनेमावाले सांगतात. आमच्या गावात ते खरंच मिटलं. कसं मिटलं ते मी समोर उभं राहून पाहिलं आहे.

आमचं गाव सेलूपासून बैलगाडीनं अर्ध्या दिवसाच्या वाटेवर. राज्य निजामाचं, त्यामुळे शिकायचं तर उर्दूतून. आमच्या घराण्यात शाळेत गेलेला मी पहिला, आणि परभणीहून पुढं हैद्राबादला जाऊन पदवी घेतलेलाही पहिला. हे मी मुद्दाम लिहितो. माझे वडील, म्हणजे आबा, अंगठा उठवणारे होते. पोराला शिकवतो म्हणून त्यांनी गावाचे टोमणे खाल्ले, आणि त्या पदवीचा मला अजून अभिमान आहे. पण या हकिगतीत माझ्या शिक्षणाचा उपयोग एवढाच झाला, की सिनेमातली माणसं काय बोलतात ते मला घरच्यांना सांगता आलं.

गावात दोन घरं मोठी. वरचं आणि खालचं. खालचं आमचं. जात एक, कुळं वेगळी, म्हणजे सोयरीक व्हायला काही अडचण नव्हती. पण सोयरीक लांब, एकमेकांच्या विहिरीचं पाणीसुद्धा चालत नव्हतं. आजोबांच्या काळात एका पोळ्याला वेशीतल्या तोरणाखालून आधी कोणाचा बैल जायचा यावरून जुंपली. त्यांच्या बैलाचं शिंग मोडलं. आमच्या चुलत आजोबांचं डोकं फुटलं, ते त्यातून उठलेच नाहीत. तेव्हापासून पोळ्याला तोरणच बांधायचं बंद झालं. गावातली सगळी जनावरं बिनमानाची.

माझी बहीण माझ्यापेक्षा दोन वर्षांनी लहान. रंगानं सावळी, बोलायला फटकळ. ज्वारी हुरड्यावर आली की पाखरं राखायला ती शेतातल्या आमच्या माळ्यावर उभी राही. बांधाच्या पलीकडं वरच्या घराचा माळा, त्यावर त्यांचा धाकटा मुलगा. दोघांच्या हातात गोफणी. आधी नुसतं हाकारणं. मग त्यानं हाकारलं की हिनं त्याच सुरात उत्तर द्यायचं. मग त्याच्या गोफणीतून दगडाच्या जागी बोरं यायला लागली. हे मला तिनंच सांगितलं, तेही लाजत वगैरे नाही.

“दादा, पाखरं आमचीच कणसं खायलीत, त्याचं कारण तुला म्हणून सांगते,” म्हणाली. “राखण कुठं होयलीय!”

“आबांना कळलं तर?”

“कळू दे. चोरी करायले का आमी?”

त्या साली मी सुटीला घरी आलो होतो. कापसाच्या गाड्या सेलूला जायला लागल्या होत्या, आणि जिनिंगच्या मागच्या मोकळ्या जागेत सिनेमाचा तंबू आला होता. गावंच्या गावं गाड्या जुंपून चालली. आम्हीही गेलो. आबा, माय, बहीण, मी.

त्या तंबूची तऱ्हा अशी होती, की पडदा मधोमध ताणलेला. पुढच्या बाजूला बसा नाहीतर मागच्या. मागून दिसायचं तेच, फक्त उलटं. आम्ही पोचलो तर वरचं घर आधीच पुढं ऐसपैस बसलेलं. म्हातारा मधोमध, तोंडात तंबाखू. आबांनी ते पाहिलं आणि बैलासारखी मान फिरवली.

“मागं चला.”

“आबा, मागनं उलटं दिसतं,” मी म्हणालो.

“उलटं दिसू दे. त्यांच्या रांगेत बसायचं न्हाई.”

म्हणून आम्ही पडद्याच्या पाठीमागं बसलो. माझी माय आणि बहीण बायकांच्या कनातीत, आम्ही अलीकडं. खेळ सुरू झाला. दोन घराण्यांचं हाडवैर, एकाचा मुलगा, दुसऱ्याची मुलगी. आमच्या बाजूनं सगळी माणसं डावखुरी दिसत होती. डाव्या हातानं जेवत होती, डाव्या हातानं आशीर्वाद देत होती. नायिकेच्या आईनं मुलीला डाव्या हातानं कुंकू लावलं तेव्हा माझी माय कनातीतून मोठ्यानं म्हणाली, “अगं बया, डाव्या हातानं लावायलीय! हिचा संसार काय व्हायचा न्हाई!” बायका खदखदून हसल्या.

पण तो संसार झाला. शेवटी ती मुलगी सणाच्या दिवशी एकटी वैऱ्याच्या दारात जाते. दारात मुलाचा बाप. ती त्याच्या पायावर डोकं ठेवते. तो बराच वेळ दगडासारखा उभा राहतो, मग तिला उठवतो आणि मुलाचा हात तिच्या हातात देतो.

“काय म्हणायलाय तो?” आबांनी माझा दंड धरून विचारलं.

“म्हणतो, माझ्या बापानं मला वैर दिलं, मी माझ्या पोराला ते देणार नाही.”

आबांनी उपरण्यानं डोळे पुसले. आणि त्याच वेळी पडद्याच्या पलीकडून मोठा हुंदका ऐकू आला. वरचा म्हातारा रडत होता. ज्यानं बांध ओलांडून चरायला आलेल्या आमच्या वासराचा पाय कुऱ्हाडीनं तोडला होता, तो म्हातारा लहान पोरासारखा हुंदके देत होता, आणि मधल्या कापडातून ते आम्हाला स्वच्छ ऐकू येत होतं.

परतीच्या वाटेवर गाडीत बहिणीनं विचारलं, “दादा, तो म्हाताराच रडायला होता ना?”

“तोच.”

“मोठ्यानं?”

“तंबूभर ऐकू गेलं.”

आबा आपल्याशीच म्हणाले, “लय भारी दाखवलं. पण ते शिनेमातलं.” बैलाला चाबूक बसला, आणि हेही बोलणं तिथंच संपलं.

संक्रांत आली. आमच्याकडं या दिवशी दारात तिळगूळ घेऊन आलेल्या माणसाला परत पाठवत नाहीत. मारामाऱ्या केलेली माणसंही हात पुढं करतात. आमची दोन घरं तेवढी यातून सुटलेली, कारण कोणी कोणाच्या दारात जातच नव्हतं. त्या दिवशी दुपारी बहिणीनं धुतलेलं इरकली लुगडं नेसलं, वाटीत तिळगूळ घेतला आणि वरच्या आळीला निघाली. मला वाटेत पोरांकडून कळलं. मी धावलो. पोचलो तेव्हा वरच्या घरासमोर अर्धं गाव जमलं होतं, आणि माझी बहीण अंगणात उभी होती. म्हातारा ओट्यावर बसलेला. मागं दारात त्याचा धाकटा, हात चौकटीवर.

“तात्या, तिळगूळ घ्या,” ती म्हणाली.

म्हाताऱ्यानं हात पुढं केला. तिळगूळ तोंडात टाकला. चावला. गर्दीतून कोणीतरी सुस्कारा सोडला.

“कोणाची गं तू?” त्याला चांगलं ठाऊक होतं.

“खालच्या घरची.”

“आन् कशाला आलीस?”

“शिनेमा तुमी बी पाहिला, आमी बी पाहिला,” ती म्हणाली. “तुमी पुढनं, आमी मागनं. गोष्ट एकच होती.”

लोक हसले. म्हाताराही हसला. त्याला ती आवडली असावी, असं मला अजूनही वाटतं. तो मान न वळवता म्हणाला, “धाकट्या, ही लेक इथं का आलीय? तुला काही ठाऊक हाय का?”

एवढाच प्रश्न. धाकटा ‘हो’ म्हणाला असता तर काय झालं असतं, याचा मी पुष्कळ विचार केला आहे. मार बसला असता. कदाचित त्याला घरातून काढलं असतं. पण गावासमोर विचारलेलं होतं, संक्रांतीचा दिवस होता, म्हाताऱ्याच्या तोंडात आमच्या घरचा गूळ होता. मागं फिरणं म्हाताऱ्यालाही जड गेलं असतं. बहिणीनं दाराकडं पाहिलं. तिच्या चेहऱ्यावर भीती अजिबात नव्हती.

“न्हाई,” धाकटा म्हणाला.

“न्हाई ना? मला ठाऊक हाय.” म्हातारा उठला. “पोरीला एकच भाऊ, त्यो बी हैद्राबादला बसलाय इंग्रजी वाचत. पाठीला भाऊ पाहिजे म्हणून आलीय बिचारी. आगं ये, पाट आण! ताट, निरांजन आण! पोर आपल्या दारातून रिकामी जाईल का?”

त्याच्या बायकोनं पाट मांडला. धाकट्याला दंडाला धरून आणावं लागलं नाही. तो आला आणि बसला. डोक्यावर टोपी ठेवली. ताट बहिणीच्या हातात दिलं गेलं. आमच्याकडं एकदा पाटावर बसवून ओवाळून घेतलं, की ती धर्माची बहीण. त्यानंतर त्या दोघांत दुसरं नातं लावणं म्हणजे सख्ख्या बहीणभावात लावण्यासारखं. हे गावातल्या शेंबड्या पोरालाही कळतं.

मी पुढं झालो. “चल घरी,” म्हणालो. तिनं मला हातानं थांबवलं. तिनं त्याच्या कपाळाला कुंकू लावलं, अक्षता टाकल्या आणि तीनदा ओवाळलं. ज्योत हललीसुद्धा नाही. त्यानं मान वर केली नाही. म्हाताऱ्यानं ताटात हिरव्या चोळीचा खण टाकला.

तेवढ्यात आबा आले. हातात काठी, डोक्याचं पागोटं सुटलेलं. पोरीला जिवंत सोडायचं नाही असंच ठरवून आले होते. म्हातारा अंगणात उतरला आणि दोन्ही हात पसरून म्हणाला, “या, पाव्हणं! तुमची लेक ती माझी लेक झाली. आता काय मारता मला?”

आबांना समजायला जरा वेळ लागला. त्यांनी पाट पाहिला, ताट पाहिलं, धाकट्याच्या कपाळावरचं कुंकू पाहिलं. मग त्यांची काठी खाली पडली. अब्रू वाचली होती, वरून मान मिळाला होता. दोघं म्हातारे गळ्यात पडून रडले. अगदी सिनेमात रडतात तसे. बायकांनी पदर डोळ्यांना लावले. कोणीतरी हलगी आणली. दोन पिढ्यांचं वैर असं दुपारच्या दुपारी मिटलं, आणि त्या आनंदात माझी बहीण हातात ताट घेऊन तशीच उभी राहिली. तिच्या हातातलं ताट घ्यायचं कोणाला सुचलं नाही.

संध्याकाळी वरच्या ओट्यावर पान खाताना म्हातारा आबांना म्हणाला, “तंबूत लय रडलो राव मी. पण त्या शिनेमातला म्हातारा येडाच निघाला. पोरगं दिऊन बसला! आपण शाने.” आबा मोठ्यानं हसले. मी शेजारी बसलो होतो. माझ्या वडिलांना मी त्याआधी इतकं खूश पाहिलं नव्हतं.

त्याच फाल्गुनात तिचं लग्न पालमकडच्या एका बिजवराशी लागलं. ते स्थळ म्हाताऱ्यानंच आणलं. “धर्माच्या लेकीचं मी बघतो,” म्हणाला. कानपिळीला भाऊ लागतो. मी पुढं व्हायला लागलो तर म्हातारा म्हणाला, “थांब सायबा, मान थोरल्याचा,” आणि धाकट्याला मांडवात ढकललं. वयानं तो माझ्याहून मोठा होता, हे खरंच होतं. त्यानं नवऱ्याचा कान दोन बोटांनी नुसता शिवल्यासारखा केला. तेव्हा मुंडावळ्यांच्या आडून बहीण सगळ्यांना ऐकू जाईल अशी म्हणाली, “दादा, जोरानं पिळा की. का ह्यालाबी जोर न्हाई तुमच्यात?”

मांडव हसला. करवल्या तर लोळायच्या बाकी होत्या. धाकट्याचे कान लाल झाले. आजवर ‘दादा’ फक्त मला म्हणायची ती.

त्या पोळ्याला वेशीत तोरण बांधलं गेलं. दोन्ही घरांचे बैल जोडीनं खालून गेले, आणि दोन्ही म्हाताऱ्यांनी एकमेकांना गुलाल लावला. लोक अजून त्या पोळ्याची आठवण काढतात.

बहीण दर भाऊबीजेला यायची. आधी वरच्या घरी जायची, मग आमच्याकडं. मी सख्खा, पण मी दुसरा. धाकट्याचंही लग्न झालं, पोरं झाली. त्याची बायको ताट तयार करून द्यायची. “नणंदबाई आमच्यावर लय जीव लावतात,” असं सांगत फिरायची. निजामाच्या राज्याच्या अखेरच्या दिवाळीत दंगलींची धामधूम होती, रस्ते धोक्याचे होते, लोक घरातून निघत नव्हते. त्याही वर्षी ती गाडीवानाला दटावून पालमहून आली. पोट सहा महिन्यांचं.

त्या दिवशी मी तिच्याबरोबर वरच्या घरी गेलो. धाकटा आम्हाला पाहून मागच्या परसात निघून गेला होता. त्याच्या बायकोनं हाका मारून मारून आणला. तो पाटावर बसला, खाली पाहत. तिनं कुंकू लावलं ते जरा जोरानं, अंगठा कपाळावर दाबून. तीनदा ओवाळलं. तिसऱ्यांदा ओवाळताना ताट त्याच्या तोंडाजवळ इतकं आणलं की ज्योतीची धग लागून त्यानं डोळे मिटले. तशीच थांबली. मग ताट मागं घेतलं. त्यानं खिशातून ओवाळणी काढून ताटात टाकली. म्हातारा खाटेवर अर्धांगवायूनं पडलेला, एका डोळ्यानं हे पाहत होता आणि समाधानानं मान हलवत होता.

वाटेत मी तिला म्हणालो, “आता पुरे कर. इतक्या लांबून, असल्या दिवसांत, अशा अवस्थेत येतेस. त्याला सुटू दे, तूही सूट.”

ती थांबली. पदराखाली पोट धरून जरा दम घेतला.

“दादा, त्याला कोणी धरून बसवलं होतं का?”

“नाही.”

“आपल्या पायांनी येऊन बसला ना पाटावर?” ती म्हणाली. “मग बसू दे.”