तांबडीच्या दुधाचा वास

परवा फोडणीतल्या मोहरीचा झणका नाकात गेला आणि येडशीचा माळ समोर आला. निजामी जाऊन काही वर्षं झाली होती, पाऊस दडी मारून बसला होता आणि आमच्या शेळ्या आटत चालल्या होत्या. एका सांजेला चुकलेली तांबडी शेळी मात्र भरल्या कासेनं परतली. दुधाला मोहरीसारखा उग्र वास! आई ओरडली, “अगं, ही रानमोहरी खाऊन आलीया! कुठंतरी ओल हाय!” सकाळी तांबडीला मोकळं सोडलं आणि आम्ही मायलेकी बोरी-बाभळींतून तिच्या मागं पळत सुटलो. ती एका घळीत उतरली, तर तिथं गुडघाभर पिवळंजर्द रान! आईनं फुलांत बसून मातीत बोटं खुपसली. “भिजकी हाय गं!” म्हणत तिनं तोच चिखल माझ्या गालाला फासला. परवाची फोडणी जळाली ती त्यामुळंच. मी तांबडीच्या मागं पळत होते.