मायबाप मात्र चांगले

आमच्याकडे सोयरीक जमवताना मुलाची चौकशी त्याच्या घरी होत नाही, शेजारी होते. मुलीकडचे न कळवता येतात, पाणी मागतात आणि बोलता बोलता विषय काढतात. शेजाऱ्यानं वाईट शब्द काढायचा नसतो. मुलगा चांगला असेल तर विचारताक्षणी तसं सांगायचं. नसेल तर त्याच्या आईवडिलांची तारीफ करायची. ऐकणारा काय ते समजतो.

देवपुरात जन्म काढलेल्या माझ्यासारख्या निवृत्त मास्तराला हे कुणी शिकवायची गरज नव्हती.

शेजारचा मुलगा भुसावळला रेल्वेत नोकरीला, सुट्टीत घरी येई. सरळ पोरगा, सुपारीचंही व्यसन नाही. फक्त मोटारसायकल माझ्या फाटकासमोर आडवी लावायचा. एकदा मी झापलं, तर चार लोकांदेखत हसून म्हणाला, "गुरुजी, अजून शाळाच भरवी ऱ्हायनात का?" लोकही हसले. माझं डोकं जे फिरलं ते फिरलंच.

त्याच आठवड्यात पारोळ्याचे दोन पाहुणे माझ्या ओट्यावर टेकले. पुतणीसाठी त्याचं स्थळ बघत होते. मुलीला मुलगा पसंत होता, पत्रिका जुळली होती, चौकशी तेवढी बाकी होती.

"पोऱ्या कसा शे, गुरुजी?"

मी चष्मा काढला, पुसला, परत घातला. मग म्हणालो, "त्याना मायबाप देवमानूस शेतस."

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं आणि अर्धा चहा ठेवून उठले. ते फाटकापर्यंत जाईतो हाक मारायला भरपूर वेळ होता. मी मारली नाही. लिहितानाही लाज वाटते, पण त्या वेळी मला बरं वाटलं होतं.

चार दिवसांनी त्यांचा नकार आला, कारण न देता. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मुलाचे वडील माझ्याकडे आले.

"खरं सांगा गुरुजी. पोऱ्या तिकडे भुसावळले वाया त नई गया ना? घरमा कालपासून त्याले इचारी ऱ्हायनूत. तो रडस फक्त."

"नाही हो भाऊ! सोन्यासारखा मुलगा आहे तुमचा," मी घाईघाईनं म्हणालो. या वेळी क्षणभरही थांबलो नाही.

त्यांनी मान हलवली. "तुमना सभावच शे गुरुजी. तुम्ही कोनलेच वाईट म्हनत नई."

आणि ते मुलाला पुन्हा विचारायला घरी गेले.