बटाटे सोलणारा शिपाई

दुसरं महायुद्ध अमेरिकेतल्या एडिसन गावात, दर शनिवारी दुपारी चार वाजता, एका माणसाने एकट्याने जिंकलेलं मी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय. हे गृहस्थ म्हणजे माझ्या ऑफिसातल्या मित्राचे वडील, आम्हा सगळ्यांचे काका. नागपूरच्या शाळेत चित्रकला शिकवून रिटायर झालेले, काकू गेल्यावर मुलाकडे आलेले. गोष्ट दोन हजार चार-पाचची. कुणाच्या तरी गराज सेलमधून त्यांनी एक जुनाट प्रोजेक्टर उचलून आणला, आणि त्याच्यासोबत एकुलतं एक रीळ: युद्धाच्या काळात इथल्या सरकारने लोकांना हसवता हसवता शहाणं करायला काढलेलं सात मिनिटांचं कार्टून. त्यात एक शिपाई डोंगराएवढे बटाटे सोलत असतो. मधूनच उठून साहेबाला सलाम ठोकतो, काहीतरी मागतो, आणि साहेब नकाराची मान हलवतो. मग शत्रूचा मिशाळ जनरल त्याला फितवायला येतो, शिपाई त्याला बटाट्यांनी बदडून पकडतो, आणि शेवटी झेंडा फडकून पाटी येते की घरातली मोडकी भांडी सरकारजमा करा, त्यांच्या तोफा बनवू.

प्रोजेक्टरचा आवाज पार मेलेला होता. दुसऱ्या कुणी तो दुरुस्त तरी केला असता नाहीतर फेकून दिला असता. काका स्वतःच बोलायला लागले! खिडकीला चादरी लावून आम्ही चार कुटुंबं कार्पेटवर बसायचो आणि काका इस्त्रीचा शर्ट घालून मशीनशेजारी उभे राहायचे. उशिरा येणाऱ्याला प्रवेश नाही. ‘लढाई सुरू झाली की फाटक बंद!’ सात मिनिटांच्या सिनेमाला इंटरव्हल असायचा, त्यात चहा आणि चिवडा. शिपाई अस्सल नागपुरी बोलायचा आणि जनरल खास मला चिडवायला पुणेरी. ‘अंगावर धावून आलात ते ठीक आहे, पण चपला बाहेर काढल्यात का?’ असं जनरलने विचारलं की सगळे माझ्याकडे बघून हसायचे. स्वतः काका तर विनोदाच्या आधीच हसून मोकळे व्हायचे. भांड्यांची पाटी आली की सांगायचे, ‘जुनी सरकारला द्या, नवी आयसेलिनच्या देशी दुकानात घ्या!’ इतक्या वेळा ते रीळ चाललं की जनरलची एक मिशी झिजून पुसट झाली. दर शनिवारी संवाद मात्र नवे.

त्या वर्षी नागपूरला त्यांची थोरली बहीण, आक्का, अंथरुणाला खिळली. आईमागे तिनेच त्यांना वाढवलं होतं. मित्र आणि मी एकाच गाडीने ऑफिसला जायचो, तेव्हा तो म्हणाला, ‘बाबांना जायचंय यार. पण ग्रीन कार्डची फाईल चालू आहे, आत्ता देश सोडला तर सगळं कॅन्सल. समजावलंय मी त्यांना.’ मीही म्हटलं, बरोबर आहे तुझं.

त्या शनिवारी शिपायाने सलाम ठोकला आणि म्हणाला, ‘साहेब, बहीण लय बिमार हाये जी. आठ दिवसाची सुट्टी द्या ना.’ साहेब म्हणाला, ‘फाईल प्रोसेसमध्ये आहे, जरा धीर धरा.’ आम्ही पोट धरून हसलो. मित्र तर सगळ्यात जास्त. ‘बाबा, काय टायमिंग आहे तुमचं!’ पुढच्या शनिवारी पुन्हा तेच, त्याच्या पुढच्याही. मला सगळं माहीत होतं हो! आणि तरी चहा पिता पिता मी, मोठा रसिक लागून गेलो होतो, त्यांना म्हटलं, ‘काका, तो सुट्टीचा डायलॉग फार रिपीट होतोय. जरा बदला ना.’

काकांनी माझ्याकडे पाहिलं. ‘बदलतो हं, बाळा,’ एवढंच म्हणाले. नंतरच्या शनिवारी शिपायाने साहेबाकडे जास्तीचं मीठ मागितलं.

त्याच आठवड्यात आक्का गेल्याचा फोन आला. शनिवार रद्द होईल असं आम्ही धरून चाललो होतो, पण काकांनी सगळ्यांना बोलावलं. इस्त्रीचा शर्ट, चादरी, सगळं नेहमीसारखं. रीळ सुरू झालं. शिपाई उठला, सलाम ठोकला, त्याचं तोंड हललं. काका गप्प. कुणाच्या तरी पोराने ओरडून ‘आजोबा, साउंड!’ म्हटलं. काका म्हणाले, ‘आज साउंड खराब आहे, बेटा.’ सातही मिनिटं नुसत्या मशीनची खरखर ऐकत आम्ही बसलो. मित्र खाली मान घालून बसला होता. माझी तर वर बघायची हिंमतच नव्हती.

पुढे कार्ड आलं आणि काका नागपूरला गेले ते परत आलेच नाहीत. जाताना प्रोजेक्टर मला देऊन गेले. ‘तुला संवादांची जाण आहे,’ म्हणाले. टोमणा असता तर बरं वाटलं असतं, पण ते मनापासून बोलत होते. त्याची मला आजही लाज वाटते.

परवा मुलीच्या हट्टापायी ते मशीन काढलं. शिपायाने सलाम ठोकला तसं तिने विचारलं, ‘बाबा, व्हॉट इज ही सेइंग?’

‘सुट्टी मागतोय,’ मी म्हटलं. ‘बहीण आजारी आहे त्याची.’

‘डिड ही गेट इट?’

‘मिळाली गं,’ मी म्हटलं. ‘पण उशिरा मिळाली.’